वाचकांचे प्रश्न : पडेल ती भूमिका करणारे नट

प्रश्न : अमेरिकन अभिनेते हॅरी डीन स्टँटन यांनी पाव शतक दुय्यम भूमिका केल्या आणि साठीकडे झुकल्यावर त्यांना एका स्वतंत्र, म्हणजे मोठ्या स्टुडिओंबाहेर काढलेल्या, चित्रपटात नायकाची भूमिका मिळाली. याला निव्वळ नशीब म्हणावे काय?

उत्तर : नशिबाचा वाटा नाकारता येत नाही, परंतु मुख्य कारण आर्थिक आहे. मोठ्या स्टुडिओला ज्याच्या नावावर तिकिटे खपतील असाच नायक हवा असतो, आणि चरित्र अभिनेत्याचा चेहरा प्रेक्षकांच्या ओळखीचा असला तरी नाव बहुधा कोणाला आठवत नाही. चित्रपटाचा खर्च आटोपशीर असेल, तर दिग्दर्शकाला चेहऱ्याकडे पाहून निवड करता येते. जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्स यांच्या ‘पॅरिस, टेक्सास’मध्ये (१९८४) सुरुवातीचा बराच वेळ नायक एक शब्दही बोलत नाही, तिथे स्टँटन यांचा रापलेला, थकलेला चेहराच सारे काही सांगतो. चित्रपटाला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, तरी स्टँटन त्यानंतर तारे झाले नाहीत, पुन्हा छोट्या भूमिकांकडेच वळले, आणि मला त्यात अपयश दिसत नाही. त्यांची शेवटची मोठी भूमिका ‘लकी’मधली, ती करताना ते नव्वदीला टेकले होते, आणि दिग्दर्शक जॉन कॅरोल लिंच हे स्वतःही चरित्र अभिनेतेच होते. स्टँटन यांचे सप्टेंबर २०१७ मध्ये निधन झाले आणि त्याच महिन्याच्या अखेरीस हा चित्रपट अमेरिकेत प्रदर्शित झाला.

दुसरे अमेरिकन चरित्र अभिनेते एम. एमेट वॉल्श यांचे उदाहरणही पाहण्यासारखे आहे. दिग्दर्शक कोएन बंधूंनी आपल्या पहिल्याच चित्रपटातील, ‘ब्लड सिंपल’मधील, लबाड खाजगी गुप्तहेराची भूमिका त्यांना डोळ्यांसमोर ठेवून लिहिली आणि तिला १९८६ साली स्वतंत्र चित्रपटांसाठीच्या पहिल्या इंडिपेंडंट स्पिरिट पुरस्कारांत प्रमुख अभिनेत्याचा मान मिळाला. स्टँटन किंवा वॉल्श दुय्यम भूमिकेत असलेला चित्रपट पूर्णपणे वाईट असूच शकत नाही, असा गमतीचा नियम समीक्षक रॉजर ईबर्ट यांनी मांडला होता (पुढे त्याला अपवादही सापडले, हे ओघाने आलेच).

प्रश्न : अशा स्वतंत्र चित्रपटांवर नटाचा चरितार्थ चालतो का?

उत्तर : केवळ त्यांवर क्वचितच. मानधन तुटपुंजे असते, म्हणून बहुतेक जण मालिका आणि मोठ्या चित्रपटांतील लहान कामांवर घर चालवतात. अमेरिकन अभिनेते-दिग्दर्शक जॉन कॅसाव्हेटिस यांनी तर इतरांच्या चित्रपटांत अभिनय करून मिळालेला पैसा ‘फेसेस’सारख्या (१९६८) स्वतःच्या चित्रपटांत घातला.