पेढीवरून पडद्यावर : 281 भागांचा डेरिक

प्रश्न : जळगावात दालमिलच्या पेढीवर जमाखर्च लिहितो. वय 34. हौशी नाटकांत कामं करतो. एक जर्मन नट आधी हिशेबनीस होता म्हणतात, खरं का?

उत्तर : तुम्ही हॉर्स्ट टापर्टबद्दल विचारताय. जन्म 26 मे 1923, एल्बरफेल्ड. हे गाव आता वुपरटाल शहरात मोडतं. शिक्षण व्यापारी कामाचं. महायुद्ध संपल्यावर 1945 मध्ये तो श्टेंडालच्या नाट्यगृहात हिशेबनिसाची जागा मागायला गेला आणि तिथंच नट झाला. तेव्हा पेढी सोडून नाटकात उडी घेतली, अशी ही गोष्ट नाही. पेढीच नाट्यगृहातली होती. पुढं गावोगावची नाट्यगृहं करत 1956 मध्ये तो म्युनिकच्या काम्मरश्पीलं या नामांकित रंगभूमीवर पोचला. घराघरांत नाव झालं ते 1966 मध्ये. ब्रिटनमधल्या 1963 च्या मेलगाडी दरोड्यावर तीन भागांची मालिका निघाली, तीत तो दरोडेखोरांचा म्होरक्या होता. (भुसावळकरांनी ही आवर्जून शोधावी.) आठ वर्षांनी तोच माणूस पोलीस झाला : ‘डेरिक’ या जर्मन गुन्हेशोध मालिकेतला इन्स्पेक्टर श्टेफान डेरिक. तेव्हा त्याचं वय 51. तुमच्या 34 ची काळजी सोडा.

प्रश्न : डेरिक नुसता बघत उभा राहतो, तरी समोरचा घाबरतो. आम्ही एकांकिकेत तसा इन्स्पेक्टर केला, तर प्रेक्षक जांभया देऊ लागले. चुकलं कुठं? (धुळे)

उत्तर : डेरिकची नजर तुमच्यापर्यंत कॅमेरा आणतो. पंधराव्या रांगेतल्या माणसाला डोळे दिसतच नाहीत; त्याला दिसतात खांदे, मान आणि पावलं. दुसरं म्हणजे, सुरुवातीच्या बऱ्याच भागांत गुन्हेगार कोण हे प्रेक्षकाला आधीच कळलेलं असतं. डेरिक गप्प राहिला की आपण गुन्हेगाराकडं बघतो, कारण घाम त्याला फुटतो. तुमच्या संहितेत खुनी शेवटी कळत असेल, तर इन्स्पेक्टरच्या गप्प बसण्याला आधारच उरत नाही.

तालमीत असं करून बघा. इन्स्पेक्टरची पावलं खिळवून ठेवा आणि सगळी हालचाल संशयिताला द्या. प्रश्न विचारून झाला की इन्स्पेक्टरनं मनात तीनपर्यंत मोजायचं. तेवढ्यात संशयितानं एकच ठरलेली कृती करायची : पेला उचलणं, बटण लावणं, काहीही. इन्स्पेक्टरनं मान फक्त त्यानंतर वळवायची. तीनाऐवजी सहा मोजलेत तर प्रेक्षकांना वाटतं, वाक्य विसरला. हमखास होणारी आणखी एक चूक म्हणजे अंग थांबलं की आवाजही बसतो. टापर्ट हळू बोलतो ते माइक जवळ असतो म्हणून. तुम्ही वाक्याचा शेवटचा शब्द मुद्दाम वर ठेवा, नाहीतर पंख्यांच्या घरघरीत तो जाणारच.

प्रश्न : 281 भाग, एकच नट! लेखक किती होते? (अमळनेर)

उत्तर : एकच, हेर्बर्ट राइनेकर. मालिका ऑक्टोबर 1974 ते ऑक्टोबर 1998 चालली, म्हणजे महिन्याला साधारण एक भाग, तासाभराचा. रोज रात्री भाग पाडणाऱ्या आपल्या मालिकांशी तुलना नको. शंभराहून अधिक देशांत ती विकली गेली. साहाय्यक हॅरी क्लाइन, म्हणजे फ्रिट्झ वेपर, पहिल्यापासून शेवटपर्यंत सोबत होता. ‘हॅरी, जरा गाडी आण’ हे वाक्य जर्मनीत ‘दया, दरवाजा तोड दो’सारखं तोंडी बसलंय, गंमत अशी की नेमक्या त्या शब्दांत ते मालिकेत कुठंच नाही. आणि डेरिक संपला त्याच 1998 मध्ये आपल्याकडं ‘सीआयडी’ सुरू झाली.

प्रश्न : त्याच्या नावाला काही काळा डाग आहे का? (चाळीसगाव)

उत्तर : आहे. टापर्ट 13 डिसेंबर 2008 रोजी वारला. 2013 मध्ये कागदपत्रं पुढं आली, त्यांत महायुद्धात तो हिटलरच्या वाफेन एसएस या नाझी लढाऊ दलात असल्याची नोंद निघाली. हयातीत त्यानं हे सांगितलं नव्हतं. त्यानंतर जेडडीएफ या जर्मन वाहिनीनं मालिकेचं पुनःप्रक्षेपण करणार नसल्याचं जाहीर केलं.