वाचकांचे प्रश्न : शिल्पकलेतून अ‍ॅनिमेशनपटाकडे

प्रश्न : मी शिल्पकलेची पदविका घेतली असून काही वर्षे पुतळ्यांची व उठावशिल्पांची कामे करतो. अ‍ॅनिमेशनपटांच्या प्रॉडक्शन डिझाइनकडे वळताना हातांनी केलेल्या या कामाचा उपयोग होईल, की आधी संगणकच शिकावा लागेल?
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : उपयोग निश्चित होईल, कारण या क्षेत्रात शिल्पकाराचे स्थान जुने आहे. डिस्नेच्या स्टुडिओत जो ग्रँट यांच्या देखरेखीखाली पात्रांचे नमुने तयार करणारा विभागच होता आणि वा चँग या तरुण शिल्पकाराने ‘पिनोकिओ’ (१९४०) व ‘बॅम्बी’साठी (१९४२) सांधे हलणाऱ्या लाकडी प्रतिकृती केल्या, ज्या समोर ठेवून चित्रकार ते पात्र हव्या त्या कोनातून रेखाटत. आपल्याच कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी चित्र, शिल्प आणि चित्रपट ही तिन्ही माध्यमे हाताळली, हेही विसरू नये.

मात्र पात्राचा नमुना घडवणे वेगळे आणि प्रॉडक्शन डिझाइन वेगळे. प्रॉडक्शन डिझायनरला दाराच्या उंचीपासून भिंतीच्या पोतापर्यंत आणि प्रत्येक प्रसंगाच्या रंग-उजेडापर्यंत कथेचे सगळे जग ठरवावे लागते. पुतळ्याभोवती पाहणारा फिरतो. इथे त्याने कुठून पाहायचे हे कॅमेरा ठरवतो. म्हणूनच आपल्या पुतळ्यांपेक्षा उठावशिल्पांचा अनुभव मला अधिक मोलाचा वाटतो. दोन-तीन इंचांच्या जाडीत दूरवरचा देखावा बसवताना आपण जे गणित करता, तेच स्टॉप-मोशनच्या (खऱ्या बाहुल्या थोड्याथोड्या हलवून एकेक चौकट टिपण्याच्या तंत्राच्या) सेटवर मागची घरे मुद्दाम लहान आणि रस्ता निमुळता बांधताना करावे लागते; कॅमेरा जरा बाजूला सरकला की तो आभास मोडतो, म्हणून कॅमेऱ्याची जागा आधी पक्की करावी लागते.

उणीव बहुधा रंगाची असेल. एखाद्या कथेतला एकच प्रसंग निवडून त्याचा छोटा सेट शाडू, पुठ्ठा आणि लाकडात बांधावा, पात्राच्या डोळ्यांच्या उंचीवर कॅमेरा ठेवून पहाट, भर दुपार आणि रात्र अशा तीन प्रकाशयोजनांत छायाचित्रे घ्यावीत आणि सोबत मापांसह आराखडे जोडावेत, कारण प्रत्यक्ष बांधणी पुढे इतरांच्या हातून होते. माझ्या मते निवड करणाऱ्यांना दहा सुबक पुतळ्यांच्या छायाचित्रांपेक्षा यातून आपली दृष्टी अधिक कळेल. संगणक टाळता येणार नाही, पण त्याची भीती नको : ब्लेंडर हे त्रिमितीय अ‍ॅनिमेशनचे सॉफ्टवेअर विनामूल्य मिळते, आणि झेडब्रश या संगणकावरील शिल्पकामाच्या सॉफ्टवेअरमध्ये रूप घडवण्याची रीत मातीकामाच्या इतकी जवळची आहे की आपला हात त्यात लवकर बसेल.