बर्लिनला येण्यापूर्वी

एरंडवण्यातील संकलनाची खोली बंद करून बर्लिनला आल्यास ऊसतोड कामगारांवरील माहितीपटासाठी पैसा उभा करणे सोपे जाईल का, असे आपण विचारले आहे. येथे अकरा वर्षे काढल्यावर माझे मत असे झाले आहे की, केवळ पैशासाठी यायचे असेल तर हा माहितीपट पूर्ण होईपर्यंत येऊ नये.

ॲमस्टरडॅमच्या इडफा महोत्सवाचा बर्था निधी आशिया, आफ्रिका, लॅटिन अमेरिका अशा प्रदेशांतील दिग्दर्शकांसाठी आहे. अशा निधींत पासपोर्टाबरोबर वास्तव्यही पाहिले जाते, त्यामुळे आपला पत्ता बर्लिनचा झाला की आपली पात्रताच अडचणीत येते. जर्मनीतील प्रादेशिक निधी सहसा निर्मितीसंस्थेमार्फत मिळतो आणि त्याचा खर्च त्याच प्रदेशात व्हावा अशी अपेक्षा असते. म्हणजे ध्वनिमिश्रण किंवा रंगसंस्करण येथे करून घ्यावे लागते, जे पुण्यात राहून येथील सहनिर्मात्याच्या मदतीनेही साधते.

शिवाय ऊसतोडीच्या टोळ्या दसऱ्यानंतर निघतात आणि महोत्सवांची धावपळही तेव्हाच असते : लायपझिगचा साधारण ऑक्टोबरअखेर, इडफा नोव्हेंबरात. मी फलटणकडच्या धनगरांवर काम करत होतो, तेव्हा त्यांचा वाडा, म्हणजे मेंढरांसह फिरणारा कुटुंबांचा तांडा, कोकणाकडे निघतानाचे दृश्य मला असेच हुकले. पुण्यात असतो तर निरोप येताच स्वारगेटहून एसटी धरली असती. येथून विमानाचे तिकीट काढीपर्यंत मेंढरे घाटापाशी पोहोचली होती.

तरीही यायचे ठरवलेत, तर दिग्दर्शक म्हणून न येता संकलक म्हणून यावे. स्वतंत्र व्यवसायाच्या निवास परवान्यासाठी काम देऊ इच्छिणाऱ्या येथील ग्राहकांची पत्रे फार उपयोगी पडतात, आणि माहितीपटाच्या कल्पनेवर अशी पत्रे क्वचितच मिळतात. परवाना हाती येताच कलाकारांच्या सामाजिक विमा योजनेत नाव नोंदवावे. १९८३ पासून चालू असलेल्या या योजनेत आरोग्य, शुश्रूषा व निवृत्ती विम्याचा सुमारे निम्माच हप्ता आपण भरतो. उरलेला भाग कलाकारांकडून काम घेणाऱ्या संस्थांवरील आकार आणि केंद्र सरकारचे अनुदान यांतून येतो. कलेतून वर्षाला ३,९०० युरोंहून अधिक उत्पन्न असावे ही तिची अट नवोदितांना पहिली तीन वर्षे लागू नसते. एका निर्मात्याने माझ्या मानधनाचा शेवटचा हप्ता सात महिने अडकवला होता, तेव्हा घरभाडे उसनवारीने भागवले. डॉक्टरकडे जाणे मात्र या विम्यामुळे थांबले नाही.

एरंडवण्याची खोली तूर्त एखाद्या ओळखीच्या संकलकाला वापरायला द्यावी आणि चित्रीकरणाच्या हार्ड डिस्कची एक प्रत तेथेच ठेवावी.