दोन कंपन्यांचा धंदाच वेगळा असेल, तर त्या एकत्र आल्याने स्पर्धा कमी कशी होते?

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: साबणवाल्या कंपनीने दुसरी साबणवाली कंपनी घेतली तर एक स्पर्धक कमी होतो, हे समजतं. पण ज्यांचा माल एकमेकांच्या विरोधात विकलाच जात नाही अशा दोन कंपन्या एक झाल्या, तर कोणाचं काय बिघडतं? दुकानात आधी जेवढे ब्रँड होते तेवढेच नंतरही राहतात.

ब्रँड तेवढेच राहतात, हे बरोबर. पण बाजारात अजून न उतरलेल्या, उद्या उतरू शकेल अशा तगड्या कंपनीचा धाक हीसुद्धा स्पर्धाच असते. त्या कंपनीने बाजारातला पहिल्या क्रमांकाचा ब्रँडच विकत घेतला की हा धाक संपतो. बाजारातल्या वाट्याचे आकडे मात्र जसेच्या तसे असतात, म्हणून नुकसान झालंय हे लवकर कोणाच्या लक्षात येत नाही.

मी सांगली-मिरज भागात बरीच वर्षं साबण-पावडरीच्या वितरणात काम केलं आहे. त्यामुळे त्याच धंद्यातलं उदाहरण देतो. अमेरिकेतलं आहे आणि जुनं आहे, पण इतकं स्वच्छ उदाहरण मला दुसरं माहीत नाही.

१९५७ साली प्रॉक्टर अँड गॅम्बलने क्लोरॉक्स ही कंपनी घेतली. क्लोरॉक्स कपड्यांचं ब्लीच विकायची. प्रॉक्टर धुण्याच्या पावडरीत पहिली होती, पण ब्लीच बनवत नव्हती. आता ब्लीच म्हणजे काय, तर ५.२५ टक्के सोडियम हायपोक्लोराइट आणि बाकी पाणी. सगळ्यांच्या बाटलीत तेच. तरीही क्लोरॉक्सची बाटली जास्त भावाने विकली जायची आणि देशातल्या विक्रीत तिचा वाटा ४८.८ टक्के होता. दुसऱ्या क्रमांकावर प्युरेक्स, साधारण १६ टक्के. तळाला दोनशेहून अधिक बारके उत्पादक. बाटलीत बहुतेक पाणीच असल्यामुळे कारखान्यापासून तीनशे मैलांच्या पलीकडे माल पाठवणं परवडत नसे. क्लोरॉक्सचे तेरा कारखाने देशभर पसरलेले होते, म्हणून देशभर मिळणारा ब्रँड तोच एक.

माल सारखाच असेल तर फरक पडतो जाहिरातीने. क्लोरॉक्स जाहिरातीवर वर्षाला सुमारे ३७ लाख डॉलर खर्च करायची. प्रॉक्टरचा जाहिरातीचा खर्च होता आठ कोटी डॉलरहून जास्त, आणि एवढी मोठी खरेदी असल्यामुळे तिला जाहिरातीच्या दरात सवलतही मिळायची. प्युरेक्सने पेनसिल्व्हेनियातल्या ईरी शहरात नवी बाटली बाजारात आणून पाहिली, तेव्हा नव्या मालकाच्या ताकदीवर क्लोरॉक्सने सवलती आणि जाहिरातींचा असा मारा केला की प्युरेक्सचा जमत आलेला जम मोडला. ही बातमी कळल्यावर बाकीच्या लहान उत्पादकांनी भाव कमी करायची हिंमत का करावी? मालकाची नुसती ताकद बघूनच लोक गप्प बसतात. मी वितरणात हे जवळून पाहिलंय. ज्या कंपनीमागे मोठं घर आहे तिच्याशी स्कीमची बरोबरी करायला स्थानिक उत्पादक जातच नाही, तो आपली चार गावं सांभाळून असतो.

मात्र या प्रकरणातला सगळ्यात बोलका कागद मला वेगळाच वाटतो. प्रॉक्टरच्याच एका विभागाने आधी ब्लीचच्या बाजाराचा अभ्यास केला होता. त्यांचा सल्ला असा की स्वतःचा ब्रँड आणला तर वाटा मिळवायला फार मोठा खर्च करावा लागेल, त्यापेक्षा क्लोरॉक्सच घ्यावी. म्हणजे ब्लीचमध्ये उतरायचं तर ठरतच होतं, प्रश्न फक्त मार्गाचा होता. विकत घेण्याचा मार्ग बंद असता तर क्लोरॉक्सला टक्कर देऊ शकेल अशी कंपनी देशात बहुधा हीच एक होती.

स्पर्धेवर नजर ठेवणाऱ्या फेडरल ट्रेड कमिशन या अमेरिकी सरकारी संस्थेने या व्यवहाराला आव्हान दिलं. १९६७ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने, न्या. विल्यम डग्लस यांनी लिहिलेल्या निकालात, क्लोरॉक्स वेगळी करायचा आदेश कायम केला. जाहिरातीत बचत होते हा बचाव मान्य झाला नाही. निकालावर तेव्हापासून टीका होत आली आहे की बचत हा गुन्हा ठरवला. त्या टीकेत तथ्य आहे असं मला वाटतं. स्वस्तात विकता येणं हे गिऱ्हाइकाच्या फायद्याचंच आहे. पण बाहेर उभा असलेला स्पर्धक नाहीसा होतो, हा निकालाचा दुसरा आधार मला भक्कम वाटतो, आणि पुढे जे घडलं त्याने तो आणखी पक्का झाला.

१९६९ च्या जानेवारीत क्लोरॉक्स पुन्हा स्वतंत्र झाली. १९८० च्या दशकात प्रॉक्टरने खरोखरच स्वतःचं ब्लीच काढलं, ‘व्हायब्रंट’ नावाचं, आणि मेन राज्यातल्या पोर्टलंड शहरात त्याची चाचणी घेतली. क्लोरॉक्सने त्या शहरात घरोघरी गॅलनभर ब्लीच फुकट पोचवलं. कित्येक महिने कोणाला ब्लीच विकत घ्यायची गरजच उरली नाही, आणि चाचणी आटोपली. पण प्रॉक्टर तिथे थांबली नाही. रंग न उडवणारं ब्लीच पावडरीतच घालून तिने ‘टाइड विथ ब्लीच’ आणली. क्लोरॉक्सनेही १९८८ मध्ये धुण्याची पावडर काढून प्रॉक्टरच्या हद्दीत पाऊल टाकलं. ती चालली नाही आणि १९९१ मध्ये मागे घेतली. दोन्ही स्वाऱ्या फसल्या असल्या तरी गिऱ्हाइकाला एक नवा माल मिळाला. दोन्ही ब्रँड एकाच घरात असते तर ब्लीचची बाटली खपायची थांबेल अशी पावडर कोणी कशाला काढली असती?

आणखी दोन मार्गांनी नुकसान होऊ शकतं. एक म्हणजे ‘तू माझं घे, मी तुझं घेतो’. कन्सॉलिडेटेड फूड्स या मोठ्या किराणा कंपनीने १९५१ मध्ये वाळवलेला कांदा-लसूण बनवणारी जेंट्री ही कंपनी घेतली. मग आपल्याला माल पुरवणाऱ्या अन्नप्रक्रिया उद्योगांना सुचवायला सुरुवात केली की कांदा-लसूण जेंट्रीकडूनच घ्या. १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो व्यवहारही बेकायदा ठरवला. इथे चांगला कांदा कोणाचा हा प्रश्नच उरत नाही, मोठा गिऱ्हाईक कोणाच्या ओळखीचा एवढंच उरतं.

दुसरा मार्ग प्रत्येक दुकानदाराला तोंडपाठ असतो: चालत्या मालाबरोबर न चालणारा माल गळ्यात मारणं. जनरल इलेक्ट्रिक आणि हनीवेल यांचं विलीनीकरण युरोपीय आयोगाने जुलै २००१ मध्ये अडवलं, त्यामागे हीच भीती होती: एकीचं विमानाचं इंजिन आणि दुसरीची विमानातली इलेक्ट्रॉनिक उपकरणं एकत्र विकली जातील. अमेरिकेने त्याच व्यवहाराला काही अटींवर होकार दिला होता. २००५ मध्ये युरोपच्या न्यायालयाने बंदी कायम ठेवली, पण ती दुसऱ्या कारणांवर. एकत्र विक्रीच्या भीतीला आयोगाने पुरेसा पुरावा दिला नाही असं म्हटलं. मला ते योग्य वाटतं. ‘असं होऊ शकतं’ एवढ्यावर व्यवहार अडवू नये. कंपनीचे स्वतःचे कागद काय म्हणतात ते बघावं, क्लोरॉक्सच्या वेळी बघितलं तसं.

आपल्याकडे काय आहे, हेही तुम्ही विचारलंत. एमआरटीपी, म्हणजे मक्तेदारीला आळा घालणाऱ्या जुन्या कायद्यातली विलीनीकरणाच्या पूर्वपरवानगीची तरतूद १९९१ मध्ये काढून टाकली. स्पर्धा कायदा २००२ चा असला तरी त्यातली विलीनीकरणाची कलमं १ जून २०११ पासून लागू झाली. मधली वीस वर्षं स्पर्धेच्या दृष्टीने आधी तपासणी करणारं कोणी नव्हतं. सप्टेंबर २०२४ पासून, भारतात पुरेसा कारभार असलेली कंपनी २,००० कोटी रुपयांहून जास्त किमतीला विकली जात असेल, तर तिची मालमत्ता किंवा उलाढाल लहान असली तरी भारतीय स्पर्धा आयोगाकडे जावं लागतं.

तुमच्या प्रश्नाशी थेट जुळणारी तरतूद २०१९ ची आहे, तिला ग्रीन चॅनल म्हणतात. दोन्ही बाजूंचा धंदा कुठेच जुळत नसेल तर अर्ज दाखल करताच मान्यता मिळाली असं धरलं जातं. माहिती खोटी निघाली तर ती मान्यता मुळापासून रद्द होते. ही सवलत मला पटते, कारण सिमेंटवाल्याने बिस्किटाची कंपनी घेतली तर बहुतेक वेळा कोणाचंच बिघडत नाही. पण ती मिळायला एकाच बाजारात नसणं आणि एकमेकांचे पुरवठादार नसणं एवढं पुरत नाही, एकमेकांना पूरक मालही नसावा लागतो. पावडर आणि ब्लीच एकाच बादलीत पडतात, त्यामुळे प्रॉक्टर-क्लोरॉक्ससारखा व्यवहार आज मुंबईत झाला तर त्याला या दाराने जाता येणार नाही, पूर्ण तपासणीला सामोरं जावं लागेल.