बेळगावात राहून कॅमेरा धरायचाय? मग ऐक

तू विचारलंस, डॉक्युमेंटरी करायला मुंबईला जाऊ का. जा की, पण आधी इथं एक वर्ष काढ. नवा कॅमेरा घेऊ नकोस; बॉडी, म्हणजे लेन्सशिवायचा नुसता कॅमेरा, भाड्यानं मिळते. पैसे एका चांगल्या लेन्सवर आणि माइकवर घाल. डॉक्युमेंटरीत चित्र थोडं हललं तर लोक खपवून घेतात, आवाज फाटला की उठून जातात.

मी पहिल्यांदा गुऱ्हाळात शूट केलं ते डिसेंबरातल्या पहाटे. थंडगार लेन्स थेट काहिलीच्या वाफेपुढं धरली, काच लगेच धुरकट. पुसतोय तोवर रस उतू आला आणि काहील उतरवलीसुद्धा! आता अर्धा तास आधी पोचतो, बॅग बंदच ठेवून आत ठेवतो, काच हळूहळू तापू देतो. तोवर गुळव्याबरोबर चहा होतो, तो कॅमेऱ्याकडं बघायचंही विसरतो. खरं काम त्या चहातच होतं.

आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद ठेव, नाहीतर चित्रात पट्टे फिरतात; एडिटिंगला बसलास की रडशील.

कन्नड शीक रे, मोडकी चालेल. सौंदत्तीच्या जत्रेत ‘फोटो तेगीला?’ (फोटो काढू का?) एवढं विचारलं तरी माणूस हसतो. संमतीपत्र मराठी-कन्नड दोन्हीत छापून घे.

लग्नाच्या ऑर्डरी सोडू नकोस, लाज कसली त्यात? माझं भाडं अजून त्यावरच निघतं. फक्त ॲडव्हान्स घेतल्याशिवाय तारीख देऊ नकोस. माझे एका लग्नाचे पैसे अजून यायचेत, आणि त्यांच्या पोराचं बारसंही झालं.