उभ्यानं जेवणारीला

"ताई, वय ४३. घटस्फोटाला तीन वर्षं झाली, मुलगा शिकायला बाहेर. नोकरी बरी चाललीय, पण आतून पार रिकामं वाटतं. राजीनामा देऊन वर्षभर फिरावं म्हणते: मनसोक्त खावं, कुठेतरी ध्यानाला बसावं, जमलं तर पुन्हा प्रेमात पडावं. सध्या रात्री ओट्यापाशी उभ्यानंच, मोबाईल बघत जेवते. जवळच्या मैत्रिणीचे फोनही उचलवत नाहीत. हा वेडेपणा आहे का?"

मुळीच नाही. (वयानं मोठी आहे, तू म्हटलं तर चालेल ना?) पण तुझ्या पत्रात मला त्या वर्षभराच्या प्रवासापेक्षा ओटाच जास्त दिसला. पातेल्यातूनच घास, डाव्या हातात मोबाईल, आणि संपलं कधी ते कळतच नाही. पोट भरल्याचा निरोप मेंदूपर्यंत पोचायला साधारण २० मिनिटं लागतात. तोवर तुझं पातेलं घासूनही झालेलं असतं. कुठेही गेलीस तरी ही सवय सोबत येणार. तेव्हा आज ताट वाढून घे, बस, मोबाईल दुसऱ्या खोलीत ठेव. पहिले चार दिवस ती शांतता खायला उठेल. उठू दे.

ध्यानाची सुरुवात याच ताटावर होते. घासावरून मन भरकटलं, लक्षात आलं, परत आणलं. डोळे मिटून श्वासाकडे बघतानाही एवढंच करायचं असतं. मन भरकटलं म्हणजे ध्यान फसलं, असं नव्हे. रोज दहा मिनिटं पुरेत. एकदम दहा दिवसांच्या मौन शिबिरात मात्र उडी घेऊ नकोस. अशा शांततेत आतलं सगळं वर येतं आणि काहींना ते झेपत नाही. झोप उडाली असेल, रडू आवरत नसेल, तर आधी समुपदेशकाला गाठ.

प्रेमाचं तुझं गणित तेवढं मला पटलं नाही. नव्या माणसाच्या शोधात निघालीस, आणि आहे त्या मैत्रिणीचा फोन वाजून वाजून बंद पडतोय! हार्वर्ड विद्यापीठानं १९३८ पासून काही माणसांच्या आयुष्याचा माग काढला. म्हातारपणी सुखी नि धडधाकट राहण्यात जवळच्या, मायेच्या नात्यांचा वाटा फार मोठा निघाला. ते नातं जोडीदाराचंच हवं असं नाही.

राजीनामा तीन महिने थांबू दे. बिनपगारी रजा मिळते का विचार, मग खुशाल जा.

मैत्रिणीला फोन करताना इतके दिवस का उचलला नाही, याची कारणं जुळवत बसू नकोस. जेवायला ये म्हण. ती विचारेलच, तेव्हा सांगशील.