आंघोळ थांबवा, झोळी धुवा

प्राण्यांची टपालपेटी : वाचकांची पत्रं आणि डॉक्टरताईंची उत्तरं

प्रश्न : डॉक्टरताई, आम्ही लेस्टरला राहतो. नोव्हेंबरात मुलाच्या हट्टापायी एका गृहस्थांकडून दोन वर्षांचा नर फेरेट (मुंगसासारखा दिसणारा लांबुडका पाळीव प्राणी) आणला. नाव बंड्या. ‘ऑपरेशन झालंय, वासाचं टेन्शन नाही,’ असं ते म्हणाले होते आणि ख्रिसमसपर्यंत खरंच काही त्रास नव्हता. आता फेब्रुवारी लागला आणि दार उघडलं की दर्प नाकात घुसतो. पोटाची लव पिवळट, तेलकट झालीय. दर रविवारी आंघोळ घालते, तर बुधवारी वास आधीपेक्षा जास्त! पाडव्याला सासूबाई येणार आहेत. वासाची पिशवी काढून टाकतात म्हणे. काढून घेऊ का?
— त्रासलेली आई

उत्तर : आधी तो शाम्पू उचला आणि माळ्यावर टाका. बाकीचं नंतर वाचा.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात मी म्हशी, बैल, कुत्री, एकदा तर सर्कशीतला उंटसुद्धा पाहिला. फेरेट पाहिला नव्हता. यॉर्कशरला आल्यावर पहिल्याच हिवाळ्यात एक म्हातारा शेतकरी दवाखान्यात आला, कोटाच्या खिशात हात घातला आणि माझ्या टेबलावर एक लांबुडकं, मिशाळ प्रकरण ठेवलं. सशांच्या बिळात सोडायला तिकडे पिढ्यानपिढ्या फेरेट पाळतात. पुढे त्याच्याच घरचं एक पिल्लू माझ्याकडे आलं. त्याचं नाव ठकसेन. चिपळूणचं माझं नाक, ओल्या पावसाळी कपड्यांचा कुबट वास सहन करेल पण हा नाही! मी गुलाबाच्या वासाचा कुत्र्यांचा शाम्पू आणला आणि ठकसेनाला दर तिसऱ्या दिवशी बादलीत बुचकळलं. महिन्याभरात त्याची कातडी कोंड्यासारखी सुटायला लागली, आणि घराला गुलाबपाण्यात भिजवलेल्या गोणपाटाचा वास यायला लागला. नवरा म्हणाला, ‘आधीचा बरा होता.’

झालं काय होतं? फेरेटचा रोजचा वास त्याच्या कातडीतल्या तेलग्रंथींचा असतो. साबणाने तेल धुऊन काढलं की कातडी कोरडी पडते आणि ग्रंथी जोमाने नवं तेल सोडतात. म्हणून तुमचा बंड्या रविवारी धुतलेला आणि बुधवारी दुप्पट. वर्षातून दोन-तीनदा, अंग खरंच घाणीत माखलं तरच पाणी दाखवायचं. पंधरा दिवस हात आवरा, फरक तुम्हालाच कळेल.

पण तुमच्या पत्रातली खरी गोम वेगळीच आहे. नोव्हेंबरात ठीक, फेब्रुवारीत दर्प, पोट पिवळं. बंड्याला उताणा धरा आणि मागच्या पायांच्या मधे बघा. दोन टपोऱ्या गोळ्या दिसल्या तर त्याचं ऑपरेशन झालंय हे खरं, पण तुम्हाला वाटतं ते नाही. इकडे फेरेट पाळणारे काही नरांची नुसती नस कापून घेतात, म्हणजे नसबंदी. मादी माजावर आली आणि नर मिळाला नाही तर तिचा माज उतरतच नाही. अंगातलं इस्ट्रोजेन वाढत जातं, हाडांतला मगज रक्त तयार करायचं थांबवतो आणि मादी दगावू शकते. नस कापलेला नर तिच्याशी जुगतो, माज उतरतो, पिल्लं मात्र होत नाहीत. सोय उत्तम आहे, पण त्या नराच्या वृषणांना याची काही खबर नसते. दिवस मोठे व्हायला लागले की ती फुगतात, अंग तेलकट होतं, आणि राजेश्री स्वतःच्या मुतात पोट घासत घरभर फिरतात. पिवळेपणा तिथला आहे. तुमच्या गृहस्थांनी खोटं सांगितलं नाही, अर्धं सांगितलं.

उपाय दोन. एक, पूर्ण खच्चीकरण. दुसरा, डेस्लोरेलिनचं, म्हणजे लैंगिक संप्रेरकं दाबणाऱ्या औषधाचं, रोपण. तांदळाच्या दाण्याहून जरा मोठी कांडी, दोन खांद्यांच्या मधे कातडीखाली सुईने सरकवतात. फेरेट लहानपणीच खच्ची केला तर पुढे अॅड्रिनल ग्रंथीचा आजार बळावतो असं दिसून आलंय, त्यामुळे मी स्वतः रोपणाकडे झुकते. पहिले काही दिवस माज उलट थोडा चढतो, तेव्हा घाबरू नका; साधारण महिना-दीड महिन्यात तो उतरतो आणि पुढे साधारण दीड वर्ष निवांत. पाडव्याचा हिशोब बघता या आठवड्यातच वेळ घ्या.

आणि वासाची पिशवी? ती शेपटीखाली दोन बाजूंना असते आणि फेरेट घाबरला, चिडला की तिच्यातून फवारा सोडतो. त्यात गंधकाची संयुगं असतात, आणि इंडोलही. तेच इंडोल मोगऱ्यातही असतं. इतक्या कमी प्रमाणात की आपण त्याला सुगंध म्हणतो आणि केसात माळतो. असो. तो फवारा दहा मिनिटांत विरतो. पिशवी काढली तरी कातडीचं तेल तसंच राहतं, म्हणजे तुमच्या दाराशी येणारा दर्प जसाच्या तसा. नुसत्या वासासाठी ही शस्त्रक्रिया इंग्लंडमधले व्हेट करत नाहीत, आणि मीही करणार नाही.

आता घराचं बघू. एक प्रयोग करा. बंड्याला धुतलेल्या सुती चादरीवर अर्धा तास खेळवा, मग ती चादर हुंगा. नंतर त्याच्या पिंजऱ्यातली झोळी हुंगा. चादरीला जेमतेम गोडसर, मेणासारखा वास असेल. झोळीला नाक लावताना मात्र शेजारी कोणी उभं ठेवा! फेरेट दिवसाचे चौदा ते अठरा तास झोपतो आणि तेवढा वेळ अंगातलं तेल कापडात मुरत असतं. घराला येतो तो वास बहुतेक या कापडाचा. झोळ्यांचे दोन संच करा, बुधवारी आणि रविवारी बदला, साठ अंशावर नॉन-बायो (एन्झाइम नसलेल्या) पावडरीने धुवा. सुगंधी कंडिशनर नको. माझ्याकडे आईच्या जुन्या नऊवारीच्या झोळ्या आहेत, दोन पदर शिवलेल्या. सुती साडीत नखं अडकत नाहीत. टॉवेलच्या फासात अडकतात, आणि एकदा ठकसेनाचं नख मुळापासून गेलं होतं.

कोपरे पुसा. फेरेट मागे सरकत सरकत कोपऱ्यात जाऊन बसतो, म्हणून ट्रे कोपऱ्यातच ठेवायचा आणि रोज उपसायचा. ट्रेमध्ये कागदाच्या गोळ्या; देवदार-पाइनचा भुसा नको, त्याने श्वासनलिका चिडते. मांजरांची गोळे होणारी मातीही नको.

पाडव्याला सासूबाईंसमोर ऊद, धूप, कापूर लावायचा तर देवाच्या खोलीत लावा, पिंजऱ्याच्या खोलीत नाही. डांबराच्या गोळ्या तर घरातच आणू नका, त्या विषारी असतात. आणि वास गेला की नाही हे स्वतःच्या नाकाला विचारू नका, ते केव्हाच फितूर झालंय. पोस्टमनचं तोंड बघा.

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीत आहोत. आमची फेरेट पाच वर्षांची, दुकानातून आणलेली, कानात दोन ठिपके गोंदलेले. दुकानदाराने खच्चीकरण आणि पिशवी काढणं दोन्ही झाल्याचं सांगितलं होतं. इतकी वर्षं वास अगदी कमी होता. गेल्या दोन महिन्यांत वाढलाय, आणि शेपटीच्या बुडाशी केस गेलेत. खाणं बदलावं का?

उत्तर : खाणं नाही, डॉक्टर गाठा. याच आठवड्यात.

अमेरिकेत बहुतेक फेरेट विक्रीला येण्याआधीच, अगदी पिल्लूपणी, दोन्ही शस्त्रक्रिया उरकतात. ते ठिपके त्याचीच खूण. ज्या फेरेटला वासाची सवय नव्हती तिला मधल्या वयात वास यायला लागणं आणि शेपटीपासून टक्कल चढत जाणं, ही अॅड्रिनल ग्रंथी बिघडल्याची जुनी ओळखीची जोडी आहे. ग्रंथी लैंगिक संप्रेरकं सोडायला लागते आणि शरीर पुन्हा माजावर असल्यासारखं वागतं. योनी सुजलेली दिसते का बघा. (नर असता तर लघवीकडे लक्ष द्यायला सांगितलं असतं: प्रोस्टेट सुजून लघवी तुंबली तर त्याच रात्री दवाखाना गाठायचा.) यावरही तीच डेस्लोरेलिनची कांडी वापरतात, किंवा शस्त्रक्रिया करतात. रात्री बारापर्यंत तिच्या खोलीत दिवा जळत असेल तर तोही बंद करा. या प्राण्याचं शरीर उजेडावर ऋतू मोजतं.

प्रश्न : आम्ही शुद्ध शाकाहारी. मुलीच्या फेरेटला पनीर, दूध-पोळी, कधी वरणभात देते. आवडीने खातो. पण शीचा वास असह्य आहे आणि ती पातळ असते. हळद घालू का?
— वेम्बली

उत्तर : हळद नको, वरणभातही नको.

फेरेट फक्त मांसावर जगणारा प्राणी आहे. त्याच्या पोटात आंधळं आतडंच नसतं आणि खाल्लेलं तीन-चार तासांत बाहेर पडतं. एवढ्या वेळात पोळीचं काय होणार? आत गेली तशी आंबून बाहेर येते. दूध त्याला पचत नाही. शिवाय वनस्पतीज प्रथिनांनी लघवी अल्कधर्मी होते आणि मूतखडे धरतात. ‘आवडीने खातो’ याला अर्थ नाही, ठकसेन रबराची चप्पलही आवडीने खात असे आणि आतडं अडकून मला रविवारी रात्री त्याच्यावर शस्त्रक्रिया करावी लागली.

मांसाला हात लावायचा नसेल तर फेरेटचं कोरडं खाद्य आणा, डबा बंद असतो, चमच्याने वाढा. पहिला घटक मांस असलेलंच घ्या. मासळी पहिली असली तर शीचा वास घरभर फिरेल. बदल आठवडाभरात हळूहळू करा. तेही घरात चालणार नसेल तर मुलीला शांतपणे समजवा आणि फेरेट मांसाहारी घरात द्या. मी रागावून म्हणत नाही. आमच्या घरीही सोमवार-शनिवार पाळतात, फेरेट मात्र पाळत नाहीत!

प्रश्न : मी पुण्यात नववीत आहे. व्हिडिओ बघून फेरेट पाळावासा वाटतोय. वासाचं मी बघून घेईन. नाही तर मुंगूस पाळू का?

उत्तर : वासाचं तू बघून घेशीलही, उन्हाचं काय करशील? फेरेटला घाम येत नाही. तीस अंशांपुढे तो कासावीस होतो, आणि पुण्याचा एप्रिल तुला माहीत आहे. शिवाय कुत्र्यांचा डिस्टेंपर फेरेटला झाला तर तो जवळपास वाचतच नाही. तुमच्या गल्लीत मोकाट कुत्री किती आहेत, मोज. नको.

मुंगुसाचं तर नावच काढू नकोस. तो वन्यजीव कायद्याने संरक्षित आहे, घरात ठेवला तर गुन्हा होतो. शिवाय दिसायला सारखा असला तरी तो फेरेटच्या नात्यातलाही नाही. फेरेटचे आपल्याकडचे खरे भाऊबंद म्हणजे पाणमांजरं. गोव्यात चोडण बेटाच्या खारफुटीत ती आहेत. मे महिन्यात आईबाबांना घेऊन जा, पहाटे होडीत बस आणि लांबूनच बघ. दिसली नाहीत तर काठावरच्या दगडांवर त्यांची विष्ठा शोध: काळपट, माशांच्या खवल्यांनी चमचमणारी. वाकून हुंग. मग मला लिही.